वळचण कापलेलं घर

आमच्या घराला वळचण नव्हती. म्हणजे आधी होती, चांगली हातभर होती, पण मोठ्या वादळानंतर आम्हीच ती कापून घेतली. त्या वादळात वारा वळचणीखाली शिरला आणि डब्याची झाकणं उघडावीत तशी बेटावरच्या आमच्या नासावू गावाची छपरं उघडून नारळीच्या रानात टाकून गेला. त्यानंतर ज्याच्या तोंडी बघावं त्याच्या एकच, वळचणीनं घात केला, वळचण नको. नवे पत्रे आले तेव्हा घराघरानं पत्रा भिंतीबरोबर कापून घेतला. वाऱ्याच्या हाताला काही लागायलाच नको. कापणारा माझा भाऊ साकेआसी. गावात सुतार तो एकटाच. सख्खा नव्हे, चुलत, पण आमच्यात चुलत-सख्खं बघत नाहीत. भाऊ तो भाऊ.

वाऱ्याचं भय मनात असं बसलं होतं की पावसाचा कुणी विचारच केला नाही. वादळ काय, पाच-दहा वर्षांतून एकदा येतं. पाऊस आमच्या किनाऱ्याला रोजचाच. वळचण नसली की पाणी पत्र्याच्या टोकाशी येतं आणि सरळ खाली पडत नाही. टोकाला वळसा घालून पत्र्याच्या पोटाला चिकटतं आणि मागं मागं जातं. वळचणीचं पाणी आढ्याला गेलं म्हणतात, आमच्याकडे वळचण नव्हती तरी पाणी उलटंच चाललं होतं. ते भिंतीच्या डोक्यावरच्या आडव्या तुळईत मुरत होतं आणि आम्हाला पत्ता नव्हता.

पहिल्यांदा बोलल्या त्या आत्याबाई. तराइविनी आत्याबाई म्हणजे माझी सासू. पाय गेलेले, समुद्राकडच्या भिंतीलगत त्यांची खाट, दिवसभर तिथंच. एका सकाळी म्हणाल्या, "लाइसानी, भिंत घामेजलीय."

"भिंतीला कसला घाम येतोय. तुम्हीच रात्री पाणी सांडलं असेल."

"मी सांडलं तर खाली जाईल की वर?"

मी खोक्यावर चढले. वर हात लावला तर लाकूड गार आणि मऊ. चाकू घेऊन टोचलं, तर उकडलेल्या कसाव्याच्या कंदात जावा तसा मुठीपर्यंत आत गेला. वाळवी भसाभस बाहेर आली. छपराला तुळईशी बांधणारी लोखंडी पट्टी होती, ती नुसती ओढली तर खिळ्यांसकट हातात आली.  एवढी वर्षं आम्ही त्या पट्ट्यांच्या भरवशावर निजत होतो.

एपारामा, माझा नवरा, संध्याकाळी खोबऱ्याच्या भट्टीवरून आला. पोती उचलून उचलून त्याची कंबर गेलेली, बसतानासुद्धा आधी भिंतीला हात लावायचा. मी पट्टी त्याच्यापुढं ठेवली.

"हे काय?"

"आपलं घर धरून ठेवणारी पट्टी."

"मग ती इथं कशी?"

"तेच तुला विचारतेय."

त्यानं ती उलटी केली, सुलटी केली, बाजूला ठेवली. मग म्हणाला, "जेवायला वाढ." मला राग आला, पण त्याचा चेहरा बघून मी वाढलं. दमलेल्या माणसाला घर पडतंय हे उपाशीपोटी कशाला सांगायचं.

साकेआसी दुसऱ्या दिवशी आला. आता इथं आमची एक रीत. बहीण-भाऊ वयात आले की एकमेकांशी बोलत नाहीत. भांडण नव्हे, मान. आजकालची पोरं बोलतात, फोनवर तर काय वाट्टेल ते बोलतात, पण आमच्या पिढीचं तोंड अजून उघडत नाही. म्हणजे माझं घर दुरुस्त करणारा माणूस माझ्या दारात, आणि मी त्याला सरळ एक शब्द विचारू शकत नाही. मग काय, लेकी बोले सुने लागे. मी चुलीपाशी बसून कोंबडीला म्हणायची, "बाई गं, पुढच्या भिंतीचंही बघायला हवं," आणि साकेआसी शिडी उचलून पुढच्या भिंतीकडे जायचा.

एपारामाचं आणि त्याचं नातं मेव्हण्यांचं, त्यांच्यात कशाला लगाम नाही.

"मेव्हण्या, तू माझ्या घराचे ओठ कापलेस," एपारामा म्हणाला. "आता लाळ गळतेय बघ."

"ओठ तू कापायला लावलेस. मी म्हणत होतो, चार बोटं तरी ठेवू. तू म्हणालास, बोटभरही नको."

"मी घाबरलो होतो."

"मी काय हसत होतो?" साकेआसीनं तुळईत पेचकस खुपसला, काढला, पुढं सरकला, पुन्हा खुपसला. समुद्राकडची सगळी बाजू गेली होती. डोंगराकडची बरी होती, तिकडे पाऊस कमी लागतो. खाली उतरून त्यानं हात पुसले. "ही तुळई नवी टाकायची. वाशांना पुढं तुकडे जोडायचे. त्यावर आखूड पत्रे, वरच्या पत्र्याच्या पोटाखाली सारून, आणि टोकाला सपाट पत्र्याची वाकवलेली पट्टी, म्हणजे पाणी लाकडाला शिवायचं नाही. वळचण वीतभर. हातभर केली तर वारा धरेल, काहीच नसली तर पाणी धरेल. वीत."

"आणि कधीपर्यंत?"

"वादळाचे दिवस लागायच्या आत. त्या तुळईवर छप्पर नुसतं ठेवलेलं आहे. पट्ट्यांना धरायला लाकूडच नाही. एक बरा झटका आला की गेलं."

 आत आत्याबाईंनी ऐकलं होतं. त्या खाटेवर पडून वर बघत होत्या.

पत्रे कुठून आणायचे हा प्रश्न माझा. खाडीपलीकडच्या एका घरी लग्न होतं, त्यांना मोठी चटई हवी होती आणि त्यांच्याकडे बांधकामातून उरलेले पत्रे होते. केवड्याची पात कापायची, काटे काढायचे, उकळायची, वाळवायची, शिंपल्यानं खरवडून मऊ करायची, चिरायची आणि मग विणायची. आख्खा थंडीचा मोसम, आमच्याकडे तो जून ते ऑगस्ट, मी गुडघे मोडून बसले. बोटांच्या पेरांना चिरा पडल्या, मिठाचं पाणी लागलं की डोळ्यांत पाणी यायचं. एपारामा म्हणायचा, जरा पड. मी म्हणायची, पडायला छप्पर हवं ना. चटई गेली आणि नावेतून सहा नालीदार पत्रे आले, एक सपाट. नवे कोरे, डोळे दिपावेत असे. आत्याबाईंच्या खाटेखाली विटांवर ठेवले. रोज झाडताना मी त्यांना हात लावून बघायची. वेडेपणाच, पण लावायची.

लाकूड एपारामानं आणि साकेआसीनं डोंगरावरून आणलं. एक टोक एकाच्या खांद्यावर, दुसरं दुसऱ्याच्या. चिखलाच्या उतारावर एपारामाची कंबर धरली आणि तो लाकूड खांद्यावर घेऊन तसाच उभा राहिला, पुढंही नाही, मागंही नाही. साकेआसी म्हणाला, "मेव्हण्या, झाड झालास का?" एपारामा हसला, आणि हसल्यामुळं आणखी दुखलं. घरी आला तो वाकडा. मी पानं गरम करून शेकलं. सकाळी पुन्हा उठला, उठलाच म्हणायचं.

मग कापाकापी सुरू झाली. समुद्राकडचे पत्रे खालच्या टोकाला सैल केले, छप्पर टेकूंवर तोललं, आणि जुनी तुळई काढली. काढली कसली, खरवडली. लाकडाचा नुसता भुगा पडत होता आणि कोंबड्या त्यातल्या अळ्या टिपत होत्या. नवी तुळई चढली, पट्ट्या ठोकल्या, वाशांना तुकडे जोडले. ते तुकडे भिंतीच्या बाहेर बोटांसारखे आले, वर काही नाही. साकेआसीनं त्यावर ताडपत्री बांधली. "पत्रे सोमवारी," तो एपारामाला म्हणाला. शनिवारची दुपार झाली होती, रविवारी आमच्याकडे काडी हलवत नाहीत.

मी मळ्यात कसावा काढत होते तेव्हा लाकडी ढोल वाजला. मरणाचा ठोका वेगळा असतो, लहान पोरालाही कळतो. थोरले गेले. आपाकुकी थोरले म्हणजे गावाचे प्रमुख, आणि आमच्या आत्याबाईंचे सख्खे मोठे भाऊ. बरेच दिवस आजारी होते. टोपली डोक्यावर घेऊन मी जवळजवळ पळतच घरी आले.

आत्याबाई खाटेवर बसलेल्या, केस सोडलेले. रडून झालं होतं किंवा अजून सुरू व्हायचं होतं, कळत नव्हतं. मी त्यांच्या पायाशी बसले आणि माझी नजर खाली गेली. खाटेखाली नुसत्या विटा.

"आत्याबाई, पत्रे?"

"दिले."

"कुणाला?"

"मांडव घालायला. माणसं लांबून लांबून येणार. बसतील कुठं?"

"मागायला आले होते?"

"मागायची वाट बघायची? मीच पोरांना हाक मारून उचलायला लावले. माझा भाऊ गेलाय."

 तिकडे बाहेर ताडपत्री फडफडत होती. चार-पाच दिवसांचा प्रश्न, चौथ्या रात्रीनंतर मांडव उतरतो, पत्रे परत येतील, मी मनाला सांगितलं. पण खरं सांगते, मला राग आला होता. भाऊ गेलेल्या बाईचा राग आला, आणि त्याची लाज वाटली, आणि लाज वाटली म्हणून आणखी राग आला.

त्या दोघा बहीण-भावांचं मी वर्षानुवर्षं पाहिलेलं. थोरले आमच्या घरी यायचे, पण आत नाही. बाहेर भिंतीला टेकून बसायचे, बरोबर जिथं आत आत्याबाईंची खाट. खाकरायचे. आत आत्याबाई खाकरायच्या. मग आत्याबाई मला म्हणायच्या, "लाइसानी, थोरल्यांना विचार, चहा घेणार का." थोरले हाताच्या अंतरावर, मधे एक फळी. मी बाहेर जाऊन विचारायची. थोरले म्हणायचे, "सांग, घेतो." मी आत येऊन सांगायची. सगळं ऐकलेलं असायचं दोघांनी, तरी सांगायचं. आत्याबाई पोरसवदा होत्या तेव्हापासून त्या दोघांत एक शब्द सरळ गेला नव्हता. तीच फळी आता वरून कुजली होती.

मांडव पडला, माणसं आली, बोटी भरभरून आली. चटया, रॉकेल, डुकरं, कुटून प्यायच्या यंगोनाच्या मुळांचे भारे. आम्ही बायका दिवसरात्र चुलीवर. डोळे धुरानं सुजले, पाय सुजले. त्या चार रात्री गावात हातोडी बंद, मोठ्यानं बोलणं बंद, समुद्रात जाणं बंद. मांडवाखाली वाढताना मी वर बघायची आणि आमचे पत्रे ओळखायची. सगळ्या गंजक्या पत्र्यांत सहा तेवढे चमकत होते. आणि त्यांत भसाभस खिळे ठोकलेले, उंचवट्यावर नाही, खोलगटात, जिथून पाणी वाहतं नेमकं तिथं. मांडवाला कोण कशाला बघतंय.

चौथी रात्र झाली. पाहुणे गेले. ज्याचे त्याचे पत्रे परत यायला लागले. आमच्या दारात सपाट पत्रा तेवढा टेकवून ठेवला होता. त्यावर गाय कापली होती. कुऱ्हाडीचे घाव पार आरपार, आणि चरबी वाळलेली. नालीदार एकही नाही.

वातिसोनी आमचे गावकारभारी. अंगानं मोठे, बोलायला गोड, नकार कधी देत नाहीत आणि कामही करत नाहीत. मी त्यांना वाटेतच गाठलं.

"आमचे पत्रे राहिले."

"राहिले नाहीत, लाइसानी. मान मिळालाय त्यांना. थोरल्यांच्या थडग्यावर छप्पर घातलंय ना, त्याला लावलेत. दुसऱ्यांचे गंजके, भोकाचे. थोरल्यांवर ते घालायचे?"

"भोकं तर आमच्यातही पाडलीत."

"तरी चकचकीत आहेत." त्यांनी माझ्या खांद्यावर हात ठेवला. "शंभर रात्री झाल्या, दुखवटा फिटला, की लगेच काढून देतो. मी स्वतः आणून देतो."

शंभर रात्री म्हणजे नाताळ जाणार, नवं वर्ष जाणार. वादळाचे दिवस ऐन भरात येणार. ते त्यांनाही माहीत होतं. त्यांचं घर सिमेंटचं, त्यांना काय.

घरी आल्यावर मी एपारामावर काढलं. "तू थोरल्यांचा भाचा ना? मामाच्या घरातलं हवं ते उचलायचा भाच्याला हक्क आहे म्हणतात. इतर भाचे डुकरं ओढून नेतात मामाच्या दारातली. तू तुझेच पत्रे आणू शकत नाहीस?"

"मामा जिवंत असताना. मामा वरून शिव्या घालतो आणि भाचा हसत घेऊन जातो, त्याला हक्क म्हणतात. थडग्यावरून ओढलं तर त्याला चोरी म्हणतात."

"मग माग तरी."

तो मागायला गेला. यंगोनाचं चांगलं मूळ घेऊन, रीतीनं, मांडी घालून बसला, टाळी वाजवून विनंती केली. वातिसोनींनी मूळ स्वीकारलं, कुटायला लावलं, सगळे प्यायले. एपारामाला दाराजवळ, सगळ्यांत खालच्या मानाच्या जागी बसवलं. कुणीतरी म्हणालं, एपारामाला मामापेक्षा पत्रा मोठा झाला. सगळे हसले, तोही हसला. वातिसोनी म्हणाले, ताडपत्री घट्ट बांधा. तो परत आला आणि आडवा झाला. जबडा नुसता हलत होता, यंगोनाच्या गुंगीनं जड झालेला. मी त्याला टोचलं नाही. माणसानं किती बाजूंनी मार खायचा.

पाऊस सुरू झाला. ताडपत्रीत पाणी साठायचं, पोट सुटायचं, मग मी बांबूनं आतून ढोसायची आणि सगळं पाणी भसकन भिंतीवर. नवी तुळईसुद्धा काळी पडायला लागली. तिला हात लावला की मला माझी बोटं आठवायची, आणि डोक्यात तिडीक उठायची. आत्याबाईंची खाट मी दुसऱ्या भिंतीला हलवायला निघाले, तर त्यांनी खाटेचा पाया धरला. "इथंच राहू दे."

"भिजाल, खोकाल, मग मलाच निस्तरावं लागेल."

"इथं तो बसायचा."

 मी त्यांच्या अंगावर तेलकापड टाकलं आणि बादली ठेवली.

साकेआसी एक दिवस न बोलावता आला. कुऱ्हाडीनं फाडलेला सपाट पत्रा घेऊन नीरफणसाखाली बसला. लाकडी मोगरीनं ठोकून घाव बसवले, मग दोन घावांमधला जेवढा धड पत्रा तेवढ्या पट्ट्या कापल्या. नारळाच्या खोडावर धरून एकेक वाकवली. दुपारभर ठकठक चाललेली. मी कसावा नेऊन ठेवला, कोंबडीशी बोलल्यासारखं म्हणाले, "एवढं करून लावायचं कशाला? पत्रे तर थडग्यावर." त्यानं एपारामाकडे बघून सांगितलं, "मेव्हण्या, पत्रे आले तर पट्टी तयार असावी. तुकड्यांची आहे, पण एकावर एक चढवून चालेल." मग खाली मान घालून पुढं म्हणाला, "ती वळचण मीच कापलीय." मला ते ऐकू जावं म्हणूनच म्हणाला.

नाताळच्या आदल्या आठवड्यात रेडिओवर सांगितलं, उत्तरेला वारा गोळा होतोय. समुद्र सपाट आणि तेलकट दिसत होता, हवा अशी जड की घाम वाळेना. समुद्रावरचे लांब पंखांचे पक्षी खाडीत येऊन बसले. गावात जो तो दोर ताणत होता, खिडक्यांना फळ्या मारत होता. साकेआसी घाईनं येऊन आमच्या ताडपत्रीखाली उभा राहिला.

"ही पहिल्या झटक्यात जाईल," तो एपारामाला म्हणाला. "मग वारा पत्र्याखाली. नव्या तुळईचाही उपयोग नाही. आत्याबाईंना शाळेत हलवा. घराचं बघू मग."

एपारामा खाली बसला. "मग पुन्हा तेच," म्हणाला. "पुन्हा सगळं गोळा करायचं." त्याच्या आवाजात रागही नव्हता. मला तेव्हा त्याची भीती वाटली, कारण त्यानं घर सोडून दिलं होतं, मनातून.

आतून आत्याबाईंचा आवाज आला. "लाइसानी, माझा काळा झगा काढ."

मला वाटलं शाळेत जायची तयारी. झगा घातला, केस बांधले. तर म्हणाल्या, "एपारामा, मला थोरल्यांकडे ने."

"आई, आत्ता?"

"आत्ता. वारा थांबणार आहे का माझ्यासाठी?"

पाठुंगळीला घेऊन तो निघाला. त्याची कंबर, त्या म्हातारीचं ओझं, वरून चढ. दर थोड्या अंतरावर झाडाला टेकायचा. मी मागून आत्याबाईंना आधार दिलेला, साकेआसी शिडी घेऊन, कशाला ते न विचारता. वाटेत लोक बघत होते. वातिसोनी दोर बांधायचे सोडून मागे आले. "काय चाललंय? एपारामा, दुखवटा आहे, हे बरं नव्हे." एपारामा चढतच राहिला.

थडग्यावर रंगीत कापडं, फुलांचे वाळलेले हार, आणि वर आमचे सहा पत्रे चार खांबांवर. एपारामानं आत्याबाईंना थडग्याच्या कडेला चटईवर उतरवलं आणि स्वतः हातावर गुडघ्यावर पडून श्वास घेत राहिला. आत्याबाईंनी तळवे पोकळ करून हळू टाळी वाजवली, मागणं मागताना वाजवतात तशी. मी पुढं सरले. थोरल्यांशी त्यांचं बोलणं नेहमी माझ्यातूनच व्हायचं, माझी सवय. "काय सांगू त्यांना?" मी विचारलं.

त्यांनी मला हातानं बाजूला केलं.

"दादा," त्या म्हणाल्या. "मी तराइविनी."

आजूबाजूची माणसं होती तिथं थिजली. वातिसोनींनी मान खाली घातली. आम्ही सगळे त्यांना थोरलेच म्हणायचो, त्या दादा म्हणाल्या. लहानपणी शेवटचं बोलल्या होत्या तसंच.

"दादा, मी तुझ्याकडे कधी काही मागितलं नाही. आज मागते. माझं घर गळतंय. पोरानं आणि सुनेनं जिवाचं पाणी केलंय. माझे पत्रे मला दे."

एवढंच. रडल्या नाहीत. बहिणीनं भावाकडे मागितलं तर भाऊ नाही म्हणू शकत नाही, हे आमच्यात शेंबड्या पोरालाही माहीत. पण मागणाऱ्याला उत्तर द्यावं लागतं, उत्तर आल्याशिवाय कुणी हात लावू शकत नाही, आणि उत्तर देणारा मातीखाली. आम्ही तसेच उभे राहिलो. नारळींच्या झावळ्यांचा आवाज वाढत होता.

वातिसोनी खाली बसले. एवढा मोठा माणूस, गुडघे मोडून बसले. टाळी वाजवली. खालीच बघत म्हणाले, "दिले त्यांनी."

साकेआसीनं शिडी लावली. चढताना रीतीप्रमाणं पुटपुटला, थोरल्यांच्या डोक्यावरून हात नेतोय, पोटात घाला. एकेक पत्रा खाली आला, मी झेलला. कापडं उघडी पडली. आत्याबाई बघत होत्या, सगळे उतरेपर्यंत बघत होत्या.

त्यानंतर काय, नुसती धावपळ. साकेआसीनं पत्रे आखूड कापले, खिळ्यांची भोकं नीरफणसाचा चीक आणि चिंधी लावून बुजवली. एकेक तुकडा वरच्या पत्र्याच्या पोटाखाली सारला, उंचवट्यावर उंचवटा बसवून ठोकला. खाली ती तुकड्यांची पट्टी. मग पकडीनं प्रत्येक खोलगटाचं तोंड खाली वाकवलं, म्हणजे पाणी मागं फिरू नये. एपारामा उभा राहू शकत नव्हता, तो बसल्या जागेवरून खिळे देत होता. शिडी मी धरली होती. शेवटच्या टोकाला साकेआसी वाकला तेव्हा वाऱ्यानं शिडी हलली आणि मी अंगाचा सगळा भार टाकून ती दाबून धरली, डोळे मिटून. वरून तो कोंबडीला म्हणाला, "घट्ट धर गं बाई." कोंबडी केव्हाच खुराड्यात गेली होती.

तो उतरला आणि पाऊस आला. आधी मोठे थेंब, मग सरळ ओतल्यासारखा. मी दारात उभी राहून बघत होते. पाणी पत्र्यावरून आलं, टोकाशी आलं, आणि पडलं. भिंतीपासून वीतभर लांब, ओळीनं, पागोळ्या लागल्या. एकही मागं फिरली नाही. मला हसूही येईना आणि रडूही, इतकी मी थकले होते. आत जाऊन मी आत्याबाईंचा हात धरून भिंतीवर ठेवला.

"बघा. कोरडी."

त्यांनी हात तिथं ठेवला. बाहेरच्या पागोळ्या ऐकत राहिल्या. 

"त्याच्यावर पडत असेल," त्या म्हणाल्या.

वादळ पहाटे आलं आणि बाजूनं निघून गेलं. जाताना शाळेच्या पडवीचा पत्रा आणि बरीच झाडं घेऊन गेलं. आमचं छप्पर राहिलं. वीतभर वळचणीनं वारा धरला नाही, पाणीही धरलं नाही. सकाळी लोक येऊन बघून गेले, साकेआसीला बोलावणी आली, आता सगळ्यांनाच वीतभर हवी होती.

आत्याबाई उठल्या तेव्हा म्हणाल्या, खाट हलव. मी म्हटलं, आता कशाला, आता तर कोरडं आहे, किती खटपटीनं केलंय. त्या म्हणाल्या, तिथं पागोळ्या ऐकू येतात. मी आणि एपारामानं खाट उचलून डोंगराकडच्या भिंतीला लावली, जिकडे अजून वळचण नाही.